जुरोंगच्या बर्फावर एल्सा क्रेगचा दगड

सिंगापुरात सेम्बावांगच्या जहाजदुरुस्ती यार्डात मी नोकरी धरली तेव्हा इंजिनिअर म्हणून बारा वर्षं समुद्रावर काढून झाली होती. बायको पुण्यात शाळेत शिकवायची आणि मुलगी दहावीला होती. तिची परीक्षा होईपर्यंत दोघींनी तिकडेच राहायचं, मग बघू, असं ठरलं होतं. 'मग बघू' म्हणजे काय, हे आम्ही दोघांनीही एकमेकांना विचारलं नव्हतं. जहाजावर असताना घरापासून लांब असण्याला निदान एक कारण होतं. इथे जमिनीवर, दोन बेडरूमच्या फ्लॅटमध्ये रोज संध्याकाळी कुलूप उघडून आत शिरायचं आणि आपणच दिवा लावायचा, हे मला जड जायला लागलं. रविवारी तर मी नुसतं कुणाशी तरी बोलायला मिळावं म्हणून खाली खाण्याच्या टपऱ्यांच्या हॉकर सेंटरमध्ये दोनदा चहाला जात असे. चहावाली बाई मला बघूनच कप भरायची, त्यामुळे तिथेही बोलायची वेळ यायची नाही.

ऑफिसात माझ्या खोलीत जहाजांची तपासणी करणारे एक स्कॉटिश सर्व्हेयर बसायचे. वय पासष्टच्या पुढचं, तीस वर्षं सिंगापुरात. बायको जाऊन बरीच वर्षं झाली होती, मूलबाळ नव्हतं. मार्चमध्ये त्यांचा करार संपणार होता आणि ते कायमचे गावी परतणार होते. पहिले दोन महिने आमचं बोलणं 'गुड मॉर्निंग'च्या पुढे फारसं गेलं नाही.

त्यांच्या टेबलावर ड्रॉइंगच्या गठ्ठ्यावर वजन म्हणून एक दगड ठेवलेला असायचा. गोल, चपटा, निळसर करडा, आणि वर किटलीसारखी मूठ. एकदा मला खालचं ड्रॉइंग हवं होतं म्हणून मी एका हाताने तो उचलायला गेलो, आणि मनगटात अशी कळ गेली की मी तसाच खाली बसलो.

"दोन्ही हात लावायचे," ते मान वर न करता म्हणाले. "वीस किलोला थोडासाच कमी आहे तो."

"हे आहे काय?"

त्यांनी चष्मा काढला. तीस वर्षांत कुणी विचारलंच नव्हतं की काय, कोण जाणे, पण त्या दिवशी जेवणाची सुट्टी संपून गेली तरी ते बोलत राहिले. तो कर्लिंगचा, म्हणजे बर्फावर दगड सरकवायच्या खेळाचा, दगड होता. त्यांच्या गावच्या किनाऱ्यावरून समुद्रात एक बेट दिसतं, एल्सा क्रेग नावाचं, पालथ्या वाटीसारखं उभं. वर समुद्रपक्षी, खाली कातळ. त्या बेटाचा ग्रॅनाइट इतका घट्ट असतो की पाणी आत शिरत नाही. साध्या दगडात पाणी मुरतं, गोठतं, फुगतं आणि दगडाचे टवके उडतात. हा तसा फुटत नाही. त्यांचे वडील उन्हाळ्यात होडीने बेटावर जाऊन दगड फोडायचे आणि हिवाळ्यात किनाऱ्यावरच्या शेडमध्ये ते घासून गोल करायचे. आता तिथे सुरुंग लावायला परवानगी नव्हती. पक्ष्यांना त्रास होतो म्हणून.

"बरं झालं," ते म्हणाले. "वडिलांना पक्ष्यांचा फार राग होता, पण बरं झालं."

दगड पालथा करून त्यांनी मला तळ दाखवला. मधोमध खोलगट, आणि भोवती बोटाएवढंही रुंद नसलेलं एक खरखरीत कडं. बर्फाला टेकतं ते तेवढंच. मग पाण्याचा ग्लास पालथा घालून त्यांनी ओल्या टेबलावर उजवीकडे फिरवत ढकलला. ग्लास डावीकडे वळला. "दगडाला असंच उजवीकडे फिरवून बर्फावर सोडलं तर तो उजवीकडे वळतो. ग्लासच्या अगदी उलट. का ते विचारू नकोस. प्रोफेसर लोक भांडतायत त्यावर."

त्यानंतर आम्ही रोज एकत्र जेवू लागलो. मी डब्यात पोळीभाजी आणायचो, ते चिकन राइसचं पुडकं. बेटाबद्दल ते बोलायचे आणि मी ऐकायचो. माझ्या घरचं त्यांनी एकदाच विचारलं. मी सांगितलं, परीक्षा झाली की बघू. त्यांनी मान हलवली आणि पुन्हा विचारलं नाही.

त्या फेब्रुवारीत जपानमध्ये हिवाळी ऑलिंपिक होतं आणि त्यात कर्लिंगला पदकांचा खेळ म्हणून जागा मिळाली होती. सर्व्हेयर रोज टीव्हीसमोर बसले. त्यांना फिगर स्केटिंग दिसलं, स्की उड्या दिसल्या, कर्लिंग काही दिसलं नाही. एका शुक्रवारी ते म्हणाले, "जुरोंग ईस्टला बर्फ आहे. तिथल्या मॅनेजर बाईशी मी बोललोय. रविवारी सकाळी, उघडायच्या आधी. येशील?"

मी लगेच हो म्हणालो. रविवारी मला दुसरं काही नव्हतंच.

दगड कॅनव्हासच्या अवजारांच्या पिशवीत घालून आम्ही सेम्बावांगहून एमआरटीने, म्हणजे तिथल्या मेट्रोने, निघालो. पिशवी कधी त्यांच्या हातात, कधी माझ्या. त्यांनी एक कुंड्यांना पाणी घालायची झारीही घेतली होती आणि मी यार्डातला लांब दांड्याचा ब्रश. समोर बसलेल्या एका आजीबाई आमच्याकडे आणि झारीकडे आळीपाळीने बघत होत्या. बाहेर कडक ऊन, आणि आमच्या मांडीवर स्वेटर.

रिंकची मॅनेजर चाळिशीची चिनी बाई होती. तिने दगड बघितला आणि तिचा चेहरा पडला.

"अंकल, माझा बर्फ फुटेल, लाह," तिथल्या सवयीचं 'लाह' शेवटी जोडत ती म्हणाली.

"फुटणार नाही. मी टाकत नाही, सरकवतो."

"अर्धा तास. मग मुलं येतात."

बर्फावर पाय ठेवला तेव्हा बुटांतून थंडी वर चढली. जागा खऱ्या मैदानापेक्षा बरीच आखूड होती, पण सर्व्हेयरांनी तक्रार केली नाही. पहिल्यांदा त्यांनी दगड तसाच सोडला. तो थोडा गेला, अडखळला आणि थांबला. "सपाट बर्फावर तो चिकटतो," ते म्हणाले. मग त्यांनी झारीत गरम पाणी भरून आणलं आणि मागे मागे सरकत बारीक थेंब शिंपडले. थेंब गोठून बर्फावर घामोळ्यासारखे बारीक उंचवटे आले. दगड आता त्या टोकांवरूनच सरकणार होता.

पुढच्या खेपेला त्यांनी दगड मला सोडायला लावला. मी नको इतका जोर लावला. तो सरळ जाऊन पलीकडच्या फळीवर धाडकन आदळला. मॅनेजर बाई धावत आली. सर्व्हेयरांनी हात जोडून दाखवले, मी खाली बघत उभा राहिलो. फळीला काही झालं नव्हतं. तिने घड्याळाकडे बोट केलं आणि गेली.

शेवटी ते स्वतः बसले. एक गुडघा खाली, एक पाय पुढे. मूठ हलकेच फिरवत त्यांनी दगड सोडला. आवाज झाला, खोलवर घरघर असा, जात्यावर दळताना येतो तसा. दगड स्वतःभोवती फिरत होता, पण अगदी सावकाश.

"घास!" ते ओरडले. त्यांना ओरडताना मी पहिल्यांदाच ऐकलं.

मी दगडाच्या पुढे वाकून ब्रशने बर्फ घासत पळायला लागलो. घासलं की बर्फ किंचित ऊब धरतो, दगड लांब जातो आणि कमी वळतो, हे त्यांनी मला आधीच समजावलं होतं.

"पुरे. सोड त्याला."

मी बाजूला झालो. वेग कमी झाला आणि तेव्हा दगड वळायला लागला. उजवीकडे, हळूहळू, हातभर, मग आणखी थोडा. कुणी ओढतंय असं वाटावं, आणि ओढणारं कुणी नाही. मग तो थांबला.

मी वळून बघितलं तर सर्व्हेयर अजून गुडघ्यावरच होते. मला वाटलं, बघतायत. जवळ गेल्यावर कळलं, त्यांना उठता येत नव्हतं. मी काखेत हात घालून त्यांना उठवलं. त्यांचं वजन माझ्यावर आलं आणि ते काही क्षण तसेच उभे राहिले.

"चौघांची टीम लागते याला," ते म्हणाले. "वडील, माझे दोन भाऊ आणि मी. मी एकटा उरलोय. गावी जाऊन कुणाबरोबर खेळू, तेच कळत नाही."

मी त्यांच्या पँटवरचा बर्फ झटकला.

त्या संध्याकाळी मी पुण्याला फोन केला. आधी मुलगी होती. "बाबा, उद्या प्रिलिमचा पेपर आहे, आईला देते." बायकोला मी सगळं सांगायला लागलो, बेट, दगड, झारी, बर्फ.

"अहो, बर्फावर दगड?" ती म्हणाली. "तुमची तब्येत बरी आहे ना?"

मी म्हणालो, बरी आहे. पुढचं सांगितलं नाही.

मार्चमध्ये सर्व्हेयर गेले. दगड त्यांनी ओळखीच्या एका चीफ इंजिनिअरबरोबर जहाजाने पाठवला. विमानतळावर मी सोडायला गेलो. हात मिळवताना ते एवढंच म्हणाले, "चांगलं घासलंस." त्यांच्या जागी आलेला तरुण माणूस दिवसभर डॉकवरच असायचा. मी खोलीत एकटाच जेवायला लागलो.

डिसेंबरात त्यांचं पत्र आलं. अक्षर थरथरतं होतं. दगड पोचला होता. गावातला रिंक बंद पडला होता, पण बसने तासाभरावर दुसरा होता. तिथे तीन म्हातारे चौथ्याच्या शोधात होते आणि त्यांनी यांना घेतलं. गुडघ्यामुळे आता ते काठीने उभ्या उभ्याच दगड सोडतात, तशी सोय असते म्हणे. इतकी वर्षं कुठे खेळत होतास, असं त्या तिघांनी विचारलं. सिंगापूर म्हटल्यावर ते हसले. एका भारतीय इंजिनिअरने माझ्यासाठी बर्फ घासला, असं सांगितलं, तर आणखी हसले. पत्रात शेवटी होतं, 'तुझी परीक्षा झाली का?'

मुलीची परीक्षा होऊन तेव्हा नऊ महिने झाले होते. ती पुण्यातच अकरावीला गेली होती. सगळे इथे यावेत की नाही, यावर घरात एकदाही बोलणं झालं नव्हतं.

त्याच आठवड्यात ऑफिसने माझा करार वाढवायचा का, असं विचारलं. मी रविवारी फोन केला आणि बायकोला म्हणालो, "मी परत यावं म्हणतोय. कायमचा."

तिने आधी मुलीला टीव्हीचा आवाज कमी करायला सांगितलं.

"गच्चीवरची पाण्याची टाकी बदलायची आहे," ती म्हणाली. "तुम्ही असलात तर बरं होईल."