तीन उजेडांचा नियम

आई गेली त्याला आता दीड वर्ष होईल. आठ दिवस आधी आणलं असतं तरी फारसा फरक पडला नसता, असं डॉक्टर म्हणाले होते. माणूस भला होता, मला बरं वाटावं म्हणून बोलला. पण त्या ‘फारसा’मुळे मला अजून एका जागी धड बसवत नाही. वर्गात फेऱ्या मारत शिकवते, घरी चहा उभ्यानंच पिते. ते आठ दिवस कुठे गेले हे सांगायचं, तर आधी आमच्या घरचं एक खूळ सांगायला हवं.

रेवदंड्याच्या अलीकडे आमची नारळी-पोफळीची वाडी. त्या भागातली सात-आठ घरं एक मत पाळतात. गाव आम्हाला ‘तीन उजेडवाले’ म्हणतं, त्यात कौतुक कमी आणि टिंगल जास्त. या मताचा मूळपुरुष एक रंगारी. दुकानात पसंत केलेलं लुगडं घरी नेल्यावर वेगळंच दिसतं म्हणून गिऱ्हाइकं त्याच्याशी भांडायची. भांडणांना कंटाळून तो विचार करायला लागला, आणि तिथेच आमच्या पुढच्या पिढ्यांचा घात झाला. त्याचं म्हणणं असं, की वस्तूला स्वतःचा रंगच नसतो. उजेड तिला रंग नेसवतो आणि जाताना फेडून नेतो. म्हणून सकाळच्या, दुपारच्या आणि दिव्याच्या अशा तीन उजेडांत पाहिल्याशिवाय कशाबद्दलही मत द्यायचं नाही. घरच्यांचं एकमत झालं नाही, तर पुन्हा पहिल्यापासून पाहायचं. आणि दुसऱ्याला जे दिसतं ते खोटं म्हणायचं नाही. ते तर पापच.

लहानपणी याची मजा वाटायची. अंगणात पाटावर एखादी वस्तू ठेवायची आणि दिवसभर येता-जाता पाहायची. पिकली सुपारी, तांब्याचा गडू, काहीही. एकदा पापलेट ठेवलं होतं, पण त्याच्याबद्दल मांजराचं मत दुपारीच झालं. माझ्यासाठी आलेला मुलगासुद्धा तीन उजेडांत पाहिला. बिचारा सकाळपासून दिवेलागणीपर्यंत पोहे खात बसला होता. तरी लग्नाला हो म्हणाला, यावरून त्याचा स्वभाव मला आधीच कळला.

बाबा या मताचे शेवटचे जाणकार. मी अलिबागला शाळेत विज्ञान शिकवते आणि त्यांची भरपूर थट्टा करायचे. थट्टा करतो म्हणजे आपण त्यातून सुटलो, असं मला वाटायचं.

दिवाळीनंतरच्या एका शनिवारी दुपारी वाडीवर गेले. आई पडवीत सुपाऱ्या निवडत होती. तिनं वर पाहिलं आणि मला तिचे डोळे पिवळे दिसले. कावीळ कशी दिसते ते मला ठाऊक होतं. पण माझ्या तोंडातून निघालं काय, तर, “बाबा, आईचे डोळे बघा बरं जरा.”

बाबांनी जवळ येऊन पाहिले. “मला नाही गं तसं काही दिसत. पोफळीखालचा उजेड हा असाच. दिवा लागू दे, मग बघू.”

दिव्याखाली मला पिवळे दिसले, पण आमचा दिवाही पिवळाच. रविवारी सकाळी आईला अंगणात खुर्चीवर बसवलं. तिनं पापण्या बोटांनी ताणून धरल्या, फोटो काढायला बसावं तशी शहाण्यासारखी. मला पिवळे, बाबांना नाहीत. बाबांनी तिच्या हातात आरसा दिला. तिनं पाहिलं आणि म्हणाली, “मला बाई काही समजत नाही.”

तेवढ्यात नेहमीची कोळीण टोपली घेऊन फाटकात आली. आईकडे एक नजर टाकली आणि तिथूनच ओरडली, “वयनी, डोलं पिवलं दिसतान गो तुमचं! डाक्तरला दाखवा.”

बाहेरच्यांचं पाहणं आमच्यात धरत नाहीत. आई हसली आणि तिच्याकडून बोंबील घेतले. तिन्ही उजेड झाले होते, एकमत नव्हतं, म्हणजे आता पुन्हा पहिल्यापासून.

मी अंगणात येरझाऱ्या घातल्या. चपला घातल्या, काढल्या. बाबांच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता आणि येत्या शुक्रवारी त्यातल्या एकाचं ऑपरेशन ठरलं होतं. पिकलेल्या मोतीबिंदूतून सगळं जगच पिवळसर दिसतं. त्यात आईचा पिवळेपणा वेगळा कळणार कसा? मला हे पक्कं माहीत होतं. एका वाक्याचं काम होतं, की बाबा, तुमचं पाहणं चुकतंय. एरवी मी एसटीच्या कंडक्टरपासून मुख्याध्यापकांपर्यंत कुणाला ऐकून घेत नाही. ते एक वाक्य मात्र जिभेवर आलं आणि तिथेच राहिलं.

“आधी ह्यांचा डोळा होऊ दे,” आई म्हणाली, “मग माझं बघू.” मला ते सोयीचं वाटलं. हे लिहायला लाज वाटते, पण वाटलं खरं. सोमवारपासून पेपर तपासायचे होते. मी अलिबागला परतले.

त्या आठवड्यात मी कुठे टेकले नाही. रोज फोन करायचे. आई म्हणायची, अंगाला जरा खाज सुटते, बाकी ठीक. तुझे बाबा रोज बघतात, त्यांना काही दिसत नाही. बुधवारी शाळा सुटल्यावर स्कूटर काढली, वाटेतल्या नागावपर्यंत गेले आणि परत फिरले. जाऊन सांगणार काय होते? जे सांगायचं ते तर बोलायचं नव्हतं. स्वतःवर चिडले आणि घरी येऊन नवऱ्याशी भांडले.

शुक्रवारी अलिबागलाच बाबांचं ऑपरेशन झालं. शनिवारी सकाळी पट्टी काढायची होती. मी बाबांजवळ होते, आई दवाखान्याच्या खिडकीपाशी उभी होती, हातात त्यांच्या नाश्त्याचा डबा. पट्टी निघाली. बाबांनी डोळे मिचकावले, आधी स्वतःचा हात पाहिला, मग भिंत. “भिंत पांढरी आहे की गं!” ते लहान मुलासारखे हसले. तेच आईला सांगायला वळले आणि थांबले. हसू अजून चेहऱ्यावर होतं.

“एवढी पिवळी?”

आईनं डबा खिडकीत ठेवला. “मला आरशात तेव्हाच दिसलं होतं हो,” ती म्हणाली. “पण तुमचं दिसणं खोटं कसं म्हणायचं? इतक्या वर्षांत कधी म्हटलं नाही.”

“म्हणायचं होतंस,” बाबा म्हणाले. “म्हणायचं होतंस गं.” त्यांनी तिचा हात धरला. मग माझ्याकडे पाहिलं. “आणि तू? तुला तर ठाऊक होतं ना, मोतीबिंदूतून कसं दिसतं ते?”

आईला डॉक्टरकडे न्यायला रिक्षा बघते, असं म्हणून मी जिन्याकडे धावले. त्या घाईत आईसाठी धावणं किती आणि उत्तर टाळणं किती, ते माझं मला माहीत आहे. बाबांनी तो प्रश्न पुन्हा कधीच विचारला नाही.