चौघांचा रस्ता

आमच्या बाईला कुणी "करतो" म्हटलं की ती लगेच विचारायची, "कव्हय?" म्हणजे कधी, ते सांगा. सुतार असो की जावई, दिवस सांगितल्याशिवाय तिच्या दारातून सुटका नाही. धरणगावकडच्या आमच्या गावात तिचं नावच पडलं होतं, कोर्टवाली. मी तिचा नवरा. शाळा चौथीपर्यंत. तिच्यावर लिहायला दुसरं कुणी नाही, म्हणून मी लिहितो.

शेत तिच्या बापाचं, तिच्या नावावर. शेताची गाडीवाट पुढे नदीकाठी मसणात जायची. शेजारच्या बागाईतदाराने दगडी खांब रोवून ती बंद केली. तेव्हापासून कापूस डोक्यावर आणि मयत लांबच्या फेऱ्याने. बाई कोर्टात गेली. पार औरंगाबादेहून हुकूम आणला, की तहसील कचेरीने वाट पहिल्यासारखी मोकळी करून द्यावी. कचेरी म्हणे, बंदोबस्त मिळाला की करतो. बाई दर सोमवारी कचेरीच्या पायरीवर. "कव्हय?"

शेवटी वकील म्हणाले, "अक्का, हुकूम पाळला नाही म्हणजे कोर्टाचा अवमान झाला. तहसीलदार साहेबांना तिथे उभं करता येतं."

"अवमान कोर्टना, आनि फेरा मी मारस?" बाई म्हणाली. "करा उभं."

नोटीस निघाली तसे साहेब जीप घेऊन आले. एक खांब काढला. एक माणूस जाईल एवढी फट झाली. पंचनामा तयारच होता. "सही करा अक्का, झाला रस्ता."

बाई घरी गेली. साहेबांना वाटलं, चष्मा आणायला गेली. ती आली खाट घेऊन. खाट वाटेत टाकली, वर आडवी झाली, तोंडावर पदर घेतला आणि मला, दिराला, दोघा शेजाऱ्यांना म्हणाली, "उचला."

मी म्हटलं, "अवं, जित्या माणसाने असं करतात का?"

"मरावर मी रस्ता पाहाले येसू का?"

उचलली. फटीत खाट अडकली. आम्ही चौघे खांदे तिरके करून दमलो. ती वरून म्हणते, "सायेब, कागदमा रस्ता शे. भुईवर कोठे शे?" साहेबांबरोबर आलेला तलाठी दुसरीकडे तोंड करून हसला. सही काही झाली नाही.

तारखेला साहेब कोर्टात हात जोडून उभे. जज म्हणाले, आधी वाट, मग माफीचं बघू. त्याच आठवड्यात ट्रॅक्टर लावून सगळे खांब उपटले. साहेब आमच्या ओट्यावर बसले. "अक्का, माझी नोकरी जात होती."

"चहा ल्या सायेब. माले तुमनी नोकरी नही, रस्ता जोयजे व्हता."

पुढे बाईला धुळ्याला दवाखान्यात ठेवलं. डॉक्टर म्हणाले, "बरं वाटेल." तिने विचारलं, "कव्हय?" ते पुढच्या खाटेकडे वळले. मग ती मला म्हणाली, "घर चला."

घरूनच नेली तिला. पुढचा एक खांदा माझा. लोक म्हणाले, आबा, आता दुसऱ्याला द्या. दिला नाही. खांबांची जागा आली. आम्ही चौघे सरळ चालत गेलो. कुणाला खांदा तिरका करावा लागला नाही.