तंबूतल्या हिरोला धाडलेला निरोप

कांद्यावर टाकायला नवी ताडपत्री उलगडली, की तिच्या वासासरशी मी सायखेड्याच्या यात्रेतल्या तंबू टॉकीजात जाऊन बसतो. तवा आमचं नवं लग्न. बायकोनं, पारूनं, पहिल्यांदाच पिक्चर पाहिला. शेवटाला हिरो मेला, तशी ती जेवंचना. दुसऱ्या दिवशी म्हणली, "आज बी त्याच्या नशिबात तेच असंल का वो?"

"छ्या! मी सांगतो ना त्याला," मी छाती फुगवली. माझं डोकं असं, की रातच्याला तिला घेऊन परत तंबूत गेलो अन् खेळाआधी खरंच पडद्यामागं शिरलो. तिथं नुसतं एक कुत्रं झोपलेलं व्हतं. मी त्यालाच निरोप दिला.

त्या दिवशी मशीनवाल्यानं रिळं उलटीपालटी लावली. हिरो आधी मेला, मंग उठून झाडामागं गाणं म्हणाया लागला, अन् तिथंच पिक्चर संपला. सगळा तंबू मशीनवाल्याच्या नावानं बोंबलत व्हता, एकटी पारू हसत व्हती. घरी येऊन पोटभर जेवली.

आता तोच पिक्चर टीव्हीवर लागतो. शेवट आला की पारू चहा टाकाया उठते.

"अगं, मरतोय बघ तो!"

"तो दुसरा असंल कुणी. आपला तर तुम्ही वाचवला."

मला आजून कळत नाय, त्या कुत्र्यानं निरोप नेमका कुणाला दिला.