सुभेदाराच्या अंगणातली पंगत

राजेश्वरीच्या प्रत्येक कादंबरीनं कुणाला ना कुणाला मिरच्या झोंबल्या. पहिली आली तेव्हा साताऱ्यातल्या तिच्या कॉलेजातले मास्तरलोक रुसले, दुसरीवर साखरसम्राट उखडले. तिला त्याचं काही वाटलं नाही, उलट जरा मजाच आली. तिसरी मात्र घरावर शेकली. त्यात एका फौजीची बायको आहे. नवरा सीमेवर असताना ती वीस वर्षं एकटीनं ऊस पिकवते आणि तो पेन्शनीत घरी आला की सरळ विचारते, "आता कशाला आलायसा?"

कुंडलजवळच्या तिच्या गावात घरटी एक फौजी. तिचे वडील नाथाजी रिटायर सुभेदार. पुस्तकाचा बोभाटा झाला तसं फौजेतूनच रिटायर झालेल्या दादासो हवालदारानं देवळात जाहीर केलं, "जत्रंला सुभेदाराकडं कुणी जेवायचं न्हाई." या मुलखात जत्रेला अंगणात किती पंगती उठल्या यावर घराची अब्रू ठरते. नाथाजी लेकीला फोनवर एवढंच म्हणाले, "तू ये. बोकड कापतोय."

जत्रेदिवशी ती आली. आपलं लिहिलेलं आपण निस्तरू, पण बापानं का म्हणून रिकामं अंगण बघायचं? दुपार कलली. आई अंजनानं रस्सा दोनदा गरम केला. भाकरीची चवड तशीच. नाथाजी इस्त्रीच्या शर्टात दाराशी उभे, ड्यूटीवर असल्यासारखे. राजेश्वरीला वाटलं, जाळावं ते पुस्तक.

तेवढ्यात लीलाबाई आली. खुद्द दादासोची बायको! मागं आणखी चार-पाच जणी, सगळ्या फौजींच्या घरच्या.

"सुनंनं वाचून दावलं गं," मांडी घालत ती म्हणाली. "लय खरं लिवलंयस. वाढ आता, भूक लागलीया."

पानं वाढतायत तोच दादासो तणतणत अंगणात शिरला. "ऊठ! घरला चल."

"जेवून येते की," लीलाबाई जागची हलली नाही.

नाथाजींनी पुढं होऊन त्याच्या हातात पाण्याचा तांब्या दिला. "दादासो, जत्रंदिशी अंगणात आलेला माणूस उपाशी जातो व्हय रं?"

रागाच्या भरात गडी नेमकं तेच विसरला होता. जत्रेचं अन्न टाकून जायचं म्हणजे देवाला पाठ दाखवायची, आणि तेवढी छाती त्याच्यात नव्हती. बसला पानावर. त्याला बसलेला बघून कोपऱ्यावर रेंगाळणारे बाकीचे गडीही एकेक करून आत सरकले. राजेश्वरीचा जीव भांड्यात पडला. दिवेलागणीपर्यंत पंगती उठत राहिल्या.

शेवटी घरच्यांची पंगत. अंजना वाढायला वाकली तर नाथाजींनी तिच्या हातातली रश्श्याची बादली काढून घेतली. "तू बस. मी वाढतो."

"तुमी?"

"वाचलंय मी पुस्तक," ते लेकीकडं न बघता म्हणाले. "तुझ्या आईचं समदं बराबर आलंय. फकस्त मी कशापायी आलो, तेवढं लिवायचं राहिलंय."

अंजना हसत पानावर बसली. राजेश्वरीला मात्र मोकळं रडू आलं.