मानाचे नऊ नारळ

कर्जतला कोणाकडे लग्नमुंज झाली की दुसऱ्या दिवशी भिकाजीपंत वकिलांच्या ओटीवर जायला आम्ही जरा बिचकत असू. सुपारी कातरता कातरता ते हमखास विचारणार, "काल पंगतीत तुम्हाला भात कोणी वाढला?" चौघे शेजारी बसून जेवलेले, तरी चार नावे निघायची. एकदा तिघांनी छातीठोकपणे यजमानांच्या थोरल्या जावयाचे नाव सांगितले आणि जावई बापडा ताप येऊन दिवसभर माडीवर निजलेला निघाला. पंत पोट धरधरून हसले. "जेवलात सगळे, पाहिलं कोणीच नाही," असे म्हणून त्यांनी सगळ्यांना सुपारी वाटली.

बुटके, गोरे, कानांवर केसांचे झुपके आलेली ही मूर्ती खुनाच्या अपिलांत मुंबईच्या वरच्या कोर्टापर्यंत जात असे. "पाहिलंस की ऐकलंस?" हा त्यांचा लाडका प्रश्न. मांजराने दूध सांडले तरी ते स्वयंपाकघराच्या दाराशी हा प्रश्न घेऊन उभे. "मांजराला वकील मिळाला," असे काकू कढई घासता घासता म्हणायच्या. मी त्यांचा कारकून. मोडी कागद मोठ्याने वाचून दाखवणे हे माझे मुख्य काम, कारण वाचताना डोळे फसवतात, कान फसत नाहीत, असे त्यांचे मत होते.

एका वर्षी खालापुराकडच्या एका गावातले अपील आमच्याकडे आले. बांधावरच्या गवतावरून भरदिवसा मारामारी होऊन एक माणूस मेला होता आणि गावातल्याच नऊ जणांना जन्मठेप, काळे पाणी झाले होते. त्या नवांत माझा मेहुणा होता. माझी बहीण माझ्याकडे येऊन राहिली होती. दळताना मध्येच तिचे जाते थांबायचे आणि मग माझेही कशात लक्ष लागत नसे.

शेवटी मी धीर करून पंतांना म्हणालो, "मेव्हणा त्या दिवशी कर्जतला माझ्याकडे होता, असं मी सांगतो."

"होता?"

"नव्हता."

"मग बस गप आणि वाच."

मी वाचू लागलो. साक्षीदार चार. पहिल्याने नऊ नावे घेतली होती, सगळे काठ्या घेऊन धावत आले म्हणे. दुसऱ्यानेही तीच नऊ. तिसऱ्याची जबानी निघाली तेव्हा माझे डोळे कागदावरून उडाले होते, तरी नावे तोंडातून घडाघडा बाहेर पडत होती.

पंतांचा अडकित्ता थांबला. "न बघता कसं म्हणालास रे?"

मला स्वतःलाच नवल वाटले. मग उलगडा झाला. "पंत, हा होळीच्या नारळांचा मान आहे. बहिणीकडे दर शिमग्याला ऐकतो. पाटलाचं घर पहिलं, मेव्हण्याचं शेवटचं. होळीत नारळ टाकायला गुरव याच क्रमाने एकेका घराला हाक मारतो. यात फक्त मयताची आणि साक्षीदारांची घरं गळली आहेत."

पंत उठून ओटीवर दोन फेऱ्या मारून आले. "माणसं मारामारीला मानाच्या क्रमाने धावत येतात होय? या तिघांनी बांधावर बघितलं नाही. गाव आठवलं."

चौथी साक्ष मयताच्या बहिणीची, चिमीची. ती तिथेच गवत कापत होती. खालच्या कोर्टाने तिची साक्ष तोकडी म्हणून बाजूला ठेवली होती. तिने एवढेच सांगितले होते: "धर्मा नि गणू मारीत व्हते. धर्माचं मुंडासं सुटलं व्हतं, त्ये त्यानं डाव्या हातानं धरलं व्हतं. बाकीची मानसं असतील. मला नाय सांगता येत."

पंतांनी ते मला तीनदा वाचायला लावले. "हे मुंडासं कोणी पढवत नाही," ते म्हणाले. "हिने पाहिलं."

पण आमचे वकीलपत्र नऊही जणांचे होते. चिमीला खरी म्हणावे तर सात सुटणार आणि दोघे बुडणार. पंतांनी धर्मा-गणूच्या चुलत्याला बोलावून वकीलपत्र परत केले.

"पंत, तुमी आमाला सोडलंत?" म्हातारा म्हणाला.

"बाबा, मी उभा राहिलो तर तुझ्या पोरांच्या डोक्यावर पाय देऊन बाकीच्यांना वर काढीन. त्यांना त्यांचा स्वतःचा वकील हवा. आजच बघ."

म्हातारा पंतांना वाटेल ते बोलून गेला. पंतांनी मान खाली घालून ऐकून घेतले. त्या दिवशी त्यांनी सुपारी खाल्ली नाही.

वरच्या कोर्टात न्यायाधीशांनी विचारले, "ही बाई बाकी सातांची नावं का घेत नाही? तिचाच भाऊ मेला आहे."

"म्हणूनच ती खरी, साहेब," पंत म्हणाले. "घेतली असती तर कोणी अडवणारं नव्हतं."

दोघांची शिक्षा कायम राहिली, सात सुटले. मेहुणा तसाच कर्जतला आला आणि पंतांच्या पायांवर डोके ठेवून म्हणाला, "पंत, त्या दिवशी मी..." पंतांनी त्याला पुढे बोलू दिले नाही. "मला नको सांगूस. तुझी बायको याच्या घरी आहे, तिकडे जा." त्या संध्याकाळी माझ्या घरचे जाते मध्ये थांबले नाही, आणि मी ओटीवर बसून रडलो हे लपवण्यात काही अर्थ नाही.

पंत पुष्कळ वर्षांनी गेले, भर दुपारी, घरीच. अजूनही कोणी भेटले की विचारते, शेवटी जवळ कोण कोण होते? मी सांगू लागतो: काकू, थोरले चिरंजीव, धाकटे चिरंजीव, जावई, भटजी. आणि मध्येच जीभ अडते, कारण मी नात्याच्या मानाने नावे घेत असतो.

मी पाहिले ते एवढेच. माझा मेहुणा खालापुराहून चालत आला होता, त्याच्या पोटऱ्यांना चिखल होता आणि पंतांचे पाय मांडीवर घेऊन तो चोळत बसला होता. बाकीची माणसे असतील. मला नाही सांगता येत.