जिभांची खोली

वेल्मारच्या विद्याशाळेत जिभांची खोली आहे. दारापाशीच वास येतो, मुरलेल्या मिठाचा आणि जुन्या मांसाचा. त्यावर कुणीतरी पुदिना जाळलेला असतो, त्यानं तो अधिकच घाण होतो. आम्ही विद्यार्थिनी नाक दाबून रांगेत उभ्या राहायचो. आत ओल्दा बरणी उघडून खारं पाणी पेल्यात ओतायची. बरणीच्या तळाशी एखाद्या गेलेल्या गुरूची जीभ गोगलगाईसारखी पडलेली असायची. घोट घेतला की त्या गुरूचा मंत्र आपल्या जिभेवर येतो. चव मात्र दिवसभर जात नाही.

ओल्दा ईल मासे सोलणाऱ्या घरातली. हिला कसली आलीय किळस, असं धरूनच तिला कोवळ्या वयात या कामावर घेतलं होतं.

"पहिल्याच दिवशी पोटातलं सगळं वर आलं गं," तिनं मला सांगितलं होतं. "मग आईनं मुळी दिली."

ती आंबट मुळी ओल्दा कायम जिभेखाली धरून ठेवायची. उमासा घशातच दबून राहायचा, शब्द तेवढे बोबडे यायचे. एक लग्न ठरता ठरता मोडलं, हाताचा वास जात नाही म्हणून. "तो तरी कुठे फुलांत राहत होता?" ती म्हणायची. "शेळ्या होत्या त्याच्या."

तिचा धाकटा भाऊ हार्विन याच शाळेत गुरू झाला. समुद्राची भरती रोखण्याचा मंत्र शाळेत त्याच्याशिवाय कुणालाच येत नव्हता. तो त्यानं प्यायला नव्हता. बांधावरच्या एका म्हातारीमागे फिरून, घसा बसेपर्यंत घोकून शिकला होता, आणि तसाच शिकवायला बसायचा. वर्गात कुणी नसायचं. "एवढं कोण घोकत बसणार? मेला की एका घोटात येईल," असं त्याच्या दारातच बोललेलं मी ऐकलं आहे. त्यानंही ऐकलं असणार.

हिवाळ्यात त्यानं अंथरूण धरलं. ओल्दा सातूची पेज घेऊन जायची. मी सरपण टाकायला गेले होते तेव्हा तो म्हणाला, "ओल्दे, मला अख्खा पूर."

"गप. पेज खा."

"माझ्या जिभेचं पाणी यांच्या पेल्यांत जायला नको. शब्द दे."

"दिला. आता आ कर, हार्व्या."

जिभेला सुरी लागण्याआधी रक्ताच्या माणसाचा अश्रू मेलेल्याच्या ओठांवर पडला, तर जीभ मुकी होते आणि शाळेचा तिच्यावरचा हक्क जातो. म्हणून घरच्यांना बाहेर ठेवतात. हार्विन गेला त्या सकाळी कुणीतरी ओल्दा त्याची बहीण असल्याचं शाळेचे प्रमुख महापंडित केस्टोर यांच्या कानावर घातलं.

"ओल्दा?" ते हसले. "तिला कधी काही होतं का? सुरी तिच्याच हातात द्या."

हार्विनला जिभांच्या खोलीतल्या दगडी ओट्यावर ठेवलं होतं. आम्ही दारात उभ्या होतो. केस्टोरांनी आपला चांदीचा पेला घरून आणला होता. थांबणं जड जात होतं म्हणून त्यांनी फडताळातल्या दुसऱ्याच बरणीतला घोट घेतला, जीभ टाळ्यावर वाजवली आणि मिशीला लागलेलं बोटानं पुसून ते बोट चाटलं.

ओल्दा भावाच्या तोंडावर वाकली. ती रडू पाहत होती. ओठ आवळले, डोळे मिटले, त्याच्या कपाळावर हात ठेवला. डोळे कोरडेच. इतकी वर्षं जे दाबलं होतं, त्याच्याबरोबर रडूही दबलं असावं.

"आटप बाई," केस्टोर म्हणाले. "गार झाली की रस उतरत नाही."

तिनं सुरी खाली ठेवली. तोंडातली मुळी जमिनीवर थुंकली. मग फडताळातली सर्वांत जुनी, काळी पडलेली बरणी काढून तिचं झाकण उघडलं, तोंड आत घातलं आणि छाती भरून श्वास घेतला.

असा उमासा मी कधी पाहिला नव्हता. तिचं अंग पायांपासून पिळवटून वर आलं. बरणी हातातून सुटली. ओट्याची कड धरून ती पुन्हा पुन्हा उचंबळत राहिली, नाक वाहत होतं, लाळ हनुवटीवर होती, आणि डोळ्यांतून पाण्याच्या धारा लागल्या होत्या. ती हार्विनवर वाकली. धार त्याच्या ओठांवर पडली.

"रडलीस!" केस्टोर ओरडले. "नासवलंस सगळं!"

"रडले नाही, गुरुवर्य," ओल्दा म्हणाली. पहिल्यांदाच तिचा उच्चार स्वच्छ होता. "ओकारी आली."

केस्टोरांनी तरीही हार्विनच्या ओठांवर बोट ठेवून जीभ मुकी झाली का ते तपासायचा मंत्र पुटपुटला. त्या ओठांतून काहीच उमटलं नाही. पेला झग्यात कोंबून ते निघून गेले. सांडलेलं काळं पाणी त्यांच्या चपलांना लागलं होतं, त्याचे ठसे जिन्यापर्यंत गेले.

त्या वसंतात भरतीचं पाणी खालच्या वर्गांत शिरलं. केस्टोर बाकावर चढून "आता कुणाला येतं?" असं विचारत होते. कुणालाच येत नव्हतं. मलाही नाही.

हार्विनला आम्ही तो गेला त्याच दिवशी बांधाजवळ अख्खा पुरलं होतं. त्याला घेऊन निघण्याआधी मी तिनं थुंकलेली मुळी उचलून ओल्दापुढे धरली होती. तिनं ती घेतली, बघितली, आणि फडताळाखाली पायानं सरकवून दिली.