दमलेल्या आईच्या गोष्टी

आई दिवसभर विड्या वळायची. संध्याकाळी कारखान्यातून घरी आली की तिच्या अंगात बोलायचंही त्राण नसायचं. तरी आम्ही दोघी बहिणी गोष्टीसाठी हटून बसायचो. मग ती डोळे मिटून सांगायची, अगदी मोजकं. राजाचा महाल कसा होता, राणी काय नेसली होती, काही नाही. पण गोष्टीत विहीर आली की समजायचं, आता कुणीतरी पडणार.

"कोण पडणार गं?" धाकटी विचारायची.

"गप ऐक की. लई दमले मी आज."

हळूहळू मला सुरुवातीलाच शेवट कळू लागला. मी तो बोलून टाकला तरी आई रागवायची नाही. तिला तेवढंच कमी बोलावं लागायचं.

बहात्तरच्या दुष्काळात सोलापुरात नळाला पाणी येईना, वडिलांना मागावर काम मिळेना. एका संध्याकाळी आम्ही न मागताच आईनं गोष्ट सुरू केली.

"एका बाईला दोन लेकी होत्या. थोरली लई शाणी. बाईची बहीण अक्कलकोटला राहायची. तिच्या दारात म्हैस हुती. शाळा जवळ हुती."

आईच्या गोष्टीत म्हैस उगीच येत नसे.

"मला कदी जायचंय?" मी विचारलं.

आईनं डोळे उघडले. "पुरती सांगू तरी दे की."

"नको. कळलं."

"सोमवारी," ती म्हणाली, आणि तोंडावर पदर ओढून भिंतीकडे वळली.

मावशीनं मला मायेनं सांभाळलं. तिच्या सासूबाई कानडी-मराठीत लांबलचक गोष्टी सांगायच्या. त्यांत विहिरीच विहिरी असायच्या आणि कुणी पडायचंच नाही. आधी मी प्रत्येक विहिरीपाशी धास्तावायची. पुढं सवय झाली.

काही वर्षांनी सोलापूरला परतले. आई खंगली होती, धाकटीही विड्या वळायला लागली होती. गोष्टी कधीच बंद पडल्या होत्या. त्या संध्याकाळी मीच मावशीकडचं सांगायला बसले: गुरं, शेजारणी, शाळेच्या वाटेवरची बोरं. चांगली लांबण लावली. ऐकता ऐकता आईचा डोळा लागला.

"हळू बोल," धाकटी म्हणाली. "झोपू दे तिला."

मी आवाज उतरवला आणि सांगत राहिले.